आख्यान आणि फार्स : फाळके यांचे विनोदी लघुमूकपट व मराठी प्रहसनाची परंपरा

दि. ३ जानेवारी १९१४ रोजी मुंबईच्या ऑलिम्पिया चित्रगृहात दादासाहेब फाळके यांचा 'मोहिनी भस्मासुर' हा पौराणिक मूकपट प्रदर्शित झाला. त्याच खेळात, त्याला जोडून, 'पिठाचे पंजे' नावाचा एक लहानसा विनोदी मूकपटही दाखविण्यात आला. यांपैकी पहिल्या चित्रपटाची नोंद चित्रपटाच्या इतिहासात सविस्तर आढळते. दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई यांनी त्यात भूमिका केल्या आणि भारतीय चित्रपटात स्त्रियांनी पडद्यावर येण्याचा तो आरंभ ठरला, हे त्याचे कारण होय. दुसऱ्या चित्रपटाचा उल्लेख मात्र बहुधा 'जोडीला दाखविलेला विनोदी लघुपट' एवढ्यावर आटोपतो. मराठी वाङ्मयाच्या इतिहासात तर त्याला तेवढीही जागा मिळालेली नाही.

ही उपेक्षा स्वाभाविक वाटावी अशी आहे. मूकपटाला संवाद नसतात, छापील संहिता नसते. मग वाङ्मयाच्या अभ्यासकाने त्याकडे का वळावे? परंतु 'पिठाचे पंजे' हा एकटा नाही. 'आगकाड्यांची मौज', 'विचित्र शिल्प', 'लक्ष्मीचा गालिचा', 'प्रोफेसर केळफा' यांची जादू, 'धांदल भटजींचे गंगास्नान' अशी विनोदी व चमत्कृतिप्रधान लघुमूकपटांची एक मालिकाच फाळके यांच्या नावावर आहे. या मालिकेचे मूळ कोणते, शब्दावाचून तिने विनोद कसा साधला आणि मराठी प्रहसनाच्या इतिहासाशी तिचा संबंध कोणता, या तीन प्रश्नांचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

१. चित्राचे शिक्षण : मळवली, लोणावळा, तळेगाव

फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. मुंबईची सर जे. जे. कलाशाळा व बडोद्याचे कलाभवन येथे त्यांचे शिक्षण झाले. त्यानंतरच्या वीस वर्षांत त्यांनी केलेले उद्योग पाहिले तर दोन धागे स्पष्ट दिसतात. पहिला धागा नाटकाचा. आदर्श नाट्यगृहाच्या प्रतिकृतीबद्दल १८९२ मध्ये अहमदाबादच्या औद्योगिक प्रदर्शनात त्यांना सुवर्णपदक मिळाले होते, आणि नाटक मंडळ्यांसाठी पडदे रंगविण्याचे कामही त्यांनी केले होते. दुसरा धागा छपाईचा, आणि हा धागा मावळातून जातो. राजा रविवर्मा यांचा शिळाछापखाना एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस लोणावळ्याजवळील मळवलीस आला. देवदेवतांची रंगीत चित्रे तेथून घरोघरी पोचत. या छापखान्यासाठी फाळके यांनी ठसे तयार करण्याचे काम केले. पुढे त्यांनी स्वतःचा छपाईव्यवसाय लोणावळ्यास सुरू केला व नंतर तो दादरला नेला.

मावळाशी त्यांचा संबंध येथेच संपत नाही. लोकांकडून पैसा पैसा गोळा करून उभारलेल्या पैसा फंडाच्या वतीने १९०८ मध्ये तळेगाव दाभाडे येथे काचेचा कारखाना सुरू झाला. स्वदेशीच्या चळवळीतील हा एक गाजलेला प्रयत्न होता. या कारखान्यावर फाळके यांनी एक माहितीपट तयार केला. वराळे हे याच तळेगावच्या शेजारचे, मावळातील गाव. ज्या परिसराचे नाव आज कारखान्यांमुळे व महाविद्यालयांमुळे घेतले जाते, त्या परिसरात मराठी चित्रपटाचा कॅमेरा त्याच्या पहिल्या काही वर्षांतच येऊन गेला होता, हे तेथील विद्यार्थ्याने व अध्यापकाने ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

या माहितीचा लघुमूकपटांशी संबंध असा की, फाळके हे केवळ पौराणिक कथांचे चित्रकार नव्हते. काचेचा कारखाना, सिंहस्थाचा मेळा, नाटकातील पडदा, देवाची छापील तसबीर आणि जादूचा प्रयोग या सर्वांकडे ते 'दाखविण्याची वस्तू' म्हणून पाहत होते. त्यांचा विनोदही याच दृष्टीतून आलेला आहे.

२. आख्यान व फार्स

लांब पौराणिक चित्रपटाला जोडून आखूड विनोदी चित्रपट दाखविण्याची कल्पना फाळके यांना कोठून सुचली? याचे एक उत्तर पाश्चात्त्य चित्रगृहांच्या रिवाजात आहे. परदेशी चित्रांच्या खेळात गंभीर चित्राबरोबर गमतीची चित्रे असत. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन चित्रगृहात 'राजा हरिश्चंद्र' लागला, तेव्हाच्या कार्यक्रमात कुमारी आयरीन डेलमार यांचे नृत्य, मॅक्लेमेंट्स यांचा विनोदी प्रवेश, पायांनी कसरत करणारा अलेक्झांडर आणि काही विनोदी चित्रे यांचाही समावेश होता. सत्यासाठी राज्य सोडणाऱ्या राजाच्या आधी पायांवर वस्तू झेलणारा कसरतपटू रंगमंचावर येत असे. याचे त्या काळच्या प्रेक्षकाला काही वाटत नव्हते.

ते का वाटत नव्हते, याचे दुसरे व अधिक महत्त्वाचे उत्तर मराठी रंगभूमीत आहे. १८४३ मध्ये सांगलीस विष्णुदास भावे यांनी 'सीतास्वयंवर' सादर केले, तेव्हापासून पौराणिक आख्यानांची नाटके महाराष्ट्रभर पसरली. या नाटकांत प्रारंभी सूत्रधार व विदूषक येत. विदूषकाचा वेष चमत्कारिक असे आणि सूत्रधाराशी त्याच्या चाललेल्या बोलण्यात हशा पिकत असे. पुढे १८५६ च्या सुमारास मुंबईत अमरचंदवाडीकर नाटक मंडळीने आख्यानाबरोबर फार्स करण्यास सुरुवात केली. पाहता पाहता ही प्रथा इतर मंडळ्यांनीही उचलली. रात्रभर आख्यान पाहून झाल्यावर शेवटी फार्स, असा खेळाचा क्रम रूढ झाला. आख्यानात देव, दानव व राजे असत. फार्सात लोभी सावकार, नवशिक्षित तरुण, संशयी नवरा, ढोंगी भिक्षुक असे शेजारपाजारचे लोक असत. आख्यानाचा काळ पुराणाचा, तर फार्साचा काळ आजचा. एकाच तिकिटात प्रेक्षकाला हे दोन्ही काळ मिळत.

'मोहिनी भस्मासुर' आणि 'पिठाचे पंजे' यांची जोडी या क्रमाशी ताडून पाहावी. एका बाजूस विष्णूचे मोहिनीरूप व भस्म होणारा असुर, दुसऱ्या बाजूस घरातील पीठ. ही जोडी म्हणजे आख्यान व फार्स यांचीच पडद्यावरील आवृत्ती होय. तो चित्रपट तयार झाला तोही एका नाटक मंडळीच्या सहवासात. त्या वेळी नाशिक येथे चित्ताकर्षक नाटक मंडळीचा मुक्काम होता आणि दुर्गाबाई व कमलाबाई या त्याच मंडळीतील कलावती होत्या. रंगभूमीवरून केवळ नट नव्हे, तर खेळाची सबंध मांडणीच पडद्यावर आली, असे म्हणता येईल.

३. लांबीचा प्रश्न

या मांडणीमागे एक व्यावहारिक निकडही होती व ती आकड्यांतून स्पष्ट होते. 'राजा हरिश्चंद्र'ची लांबी सुमारे ३,७०० फूट होती, तर 'मोहिनी भस्मासुर'ची ३,२४५ फूट. ३५ मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी बसतात. हाताने दांडा फिरवून सेकंदाला सुमारे १६ चौकटी या गतीने चित्र दाखविले, तर एका सेकंदास एक फूट फिल्म लागते. म्हणजे पहिला चित्रपट तासाभराचा व दुसरा चोपन्न मिनिटांच्या आसपासचा ठरतो. रात्ररात्र नाटक पाहणाऱ्या प्रेक्षकाला एवढ्यात घरी पाठविणे शक्य नव्हते.

सुरतेस 'राजा हरिश्चंद्र'ला आरंभी अगदीच थोडे उत्पन्न झाले, त्या वेळची हकीकत प्रसिद्ध आहे. दोन आण्यांत सहा तास नाटक पाहणाऱ्या लोकांनी तीन आणे देऊन तासाभराचे चित्र का पाहावे, असा प्रश्न होता. तेव्हा फाळके यांनी जाहिरात अशी केली की, सत्तावन्न हजार छायाचित्रांचा, दोन मैल लांबीचा खेळ अवघ्या तीन आण्यांत पाहावयास मिळेल. या जाहिरातीतील आकडे तपासून पाहण्यासारखे आहेत. ३,७०० फुटांत १६ च्या हिशेबाने सुमारे ५९,००० चौकटी होतात. म्हणजे सत्तावन्न हजारांचा आकडा जवळजवळ बरोबर आहे. दोन मैल म्हणजे मात्र १०,५६० फूट, प्रत्यक्ष लांबीच्या जवळपास तिप्पट. गणिताचा खरेपणा व फार्सातील अतिशयोक्ती एकाच वाक्यात नांदविण्याचे हे कसब विनोदकाराचे आहे.

तेव्हा लघुमूकपटांनी दोन कामे केली. त्यांनी खेळाचा अवधी वाढविला आणि प्रेक्षकाच्या ओळखीचा क्रम कायम ठेवला. भरतीचा मजकूर म्हणून त्यांची बोळवण करणे यामुळेच योग्य नाही. नाटकातील फार्सही आरंभी भरतीचाच होता. पण त्यातूनच पुढे मराठीत सामाजिक नाटकाची वाट तयार झाली.

४. शब्दावाचून विनोद

येथपर्यंत साम्य पाहिले. परंतु लघुमूकपट व फार्स यांत एक मूलभूत फरक आहे. मराठी फार्स बोलका होता. किंबहुना विसाव्या शतकाच्या पहिल्या दोन दशकांत मराठीतील सर्वच विनोद शब्दावर उभा होता. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर यांचे विनोदी लेख १९०२ पासून प्रसिद्ध होऊ लागले व १९१० मध्ये 'सुदाम्याचे पोहे' हे पुस्तक निघाले. सुदामा, बंडूनाना व पांडूतात्या या त्रयीने महाराष्ट्राला हसविले ते कोट्या, अतिशयोक्ती व वक्रोक्ती यांच्या बळावर. राम गणेश गडकरी यांनी 'बाळकराम' या नावाने हाच वारसा पुढे चालविला. गोविंद बल्लाळ देवल यांच्या 'फाल्गुनराव' या १८९३ च्या गद्य नाटकाचे 'संशयकल्लोळ' हे संगीत रूप १९१६ मध्ये रंगभूमीवर आले. मोलिएरच्या मूळ प्रहसनाला देवलांनी मराठी घरातील बोलण्याची जी लय दिली, तीत त्याचे यश आहे. याच वर्षांत फाळके शब्द बाजूला ठेवून हसविण्याचा प्रयत्न करीत होते.

त्यांच्यापुढे दुसरा मार्ग नव्हता. चित्रांमधून दाखविल्या जाणाऱ्या पाट्या वाचता येणारे प्रेक्षक मूठभर होते. १९११ च्या जनगणनेनुसार हिंदुस्थानात साक्षरतेचे प्रमाण सुमारे सहा टक्के होते. 'राजा हरिश्चंद्र'च्या उपलब्ध रिळांत पाट्या इंग्रजी व हिंदी अशा दोन भाषांत आहेत. पौराणिक चित्रपटात हे भागून जात असे, कारण कथा प्रेक्षकाला पाठ होती. तारामती कोण व विश्वामित्र कोण, हे सांगावे लागत नव्हते. विनोदी चित्रपटाची गोष्ट निराळी. तिची कथा कोणालाच ठाऊक नसते. ती पडद्यावरच, डोळ्यांदेखत समजली पाहिजे. क्षणभर उशिरा समजली तरी हशा हुकतो. पडद्याशेजारी उभे राहून कोणी पाटी वाचून दाखविली, तरी विनोदाच्या दृष्टीने तो उशीरच होय.

या दृष्टीने 'पिठाचे पंजे' हे शीर्षक पाहण्यासारखे आहे. पिठाने माखलेल्या हाताचा ठसा ही निव्वळ दृश्य वस्तू आहे. ती कोठे उमटली, कोणाच्या हाताची, हे वाचावे लागत नाही. पाहिले की कळते. बोलक्या प्रहसनात संशय शब्दाने पेरावा लागतो, कोणीतरी कोणाच्या तरी कानात काही सांगावे लागते. ठशाला कान लागत नाही. शिवाय पीठ घरोघरचे. जात्यावर दळणारी वा परातीत पीठ मळणारी बाई ज्याने पाहिली नाही असा प्रेक्षक सापडणे कठीण. प्रहसनाला आवश्यक असणारा घरगुतीपणा व मूकपटाला आवश्यक असणारी दृश्यता ही दोन्ही या एका वस्तूत एकत्र येतात. शीर्षकातील अनुप्रासही दुर्लक्ष करण्याजोगा नाही: चित्रपट मुका असला, तरी त्याची जाहिरात तोंडोतोंडी होणार होती.

'धांदल भटजी' या नावातही प्रहसनाची खूण आहे. पात्राच्या स्वभावावरूनच त्याचे नाव ठेवणे ही फार्साची जुनी रीत. नाव ऐकताच माणूस कसा आहे हे कळते आणि त्याच्याकडून काय अपेक्षावे हेही कळते. मूकपटात ही रीत आणखी उपयुक्त ठरते, कारण पात्राची ओळख करून देणारा संवाद तेथे नसतो. शीर्षक हाच त्याचा एकमेव संवाद.

याच काळात जगातील इतर देशांतही हेच घडत होते. २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसमध्ये ल्युमिएर बंधूंनी जी चित्रे दाखविली, त्यांत बागेला पाणी घालणाऱ्या माळ्याची एक मिनिटाहूनही कमी लांबीची फजिती होती. पाण्याच्या नळीवर पाय देणारा पोर, नळीत डोकावणारा माळी व त्याच्या तोंडावर उडालेला फवारा एवढाच तिचा ऐवज. जगातील पहिले विनोदी चित्र म्हणून तिचा मान आहे. फ्रान्समध्ये पुढे मॅक्स लिंडर यांनी शिष्ट गृहस्थाच्या फजितीतून विनोद उभा केला. अमेरिकेत मॅक सेनेट यांच्या कीस्टोन कंपनीतून चार्ली चॅप्लिन यांचा पहिला चित्रपट २ फेब्रुवारी १९१४ रोजी प्रदर्शित झाला. 'पिठाचे पंजे' मुंबईत लागला त्यानंतर बरोबर तीस दिवसांनी. यावरून श्रेष्ठकनिष्ठतेचा निवाडा करावयाचा नाही. परंतु मराठी विनोदी मूकपटाला चॅप्लिनचे अनुकरण मानता येत नाही, एवढे या तारखांवरून निश्चित ठरते.

५. चमत्कृती व जादूगार

फाळके यांच्या लघुमूकपटांचा दुसरा वर्ग चमत्कृतीचा. १९१२ मध्ये विलायतेहून कॅमेरा आणल्यावर त्यांनी प्रथम कुंडीतील वाटाण्याच्या रोपट्याची वाढ चित्रित केली. रोज ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपत गेल्यास अनेक दिवसांची वाढ पडद्यावर मिनिटभरात दिसते, हे त्यातील तत्त्व. याच चित्राने भांडवल देणाऱ्याचा विश्वास त्यांनी मिळविला. 'आगकाड्यांची मौज' या १९१५ च्या लघुपटात हेच तत्त्व उलट बाजूने वापरलेले आहे. रोपटे आपण होऊन वाढते, कॅमेरा केवळ वाट पाहतो. आगकाडी आपण होऊन हलत नाही; प्रत्येक चौकटीपूर्वी हाताने तिची जागा किंचित बदलावी लागते. चौकटी सलग दाखविल्या की काड्या स्वतःच चालू लागतात, आकृत्या करतात. फ्रान्समध्ये एमिल कोल यांनी १९०८ मध्ये असाच काड्यांचा खेळ पडद्यावर आणला होता.

निर्जीव वस्तू सजीवाप्रमाणे वागू लागली की हसू येते, हे विनोदाच्या मीमांसेतील परिचित तत्त्व उलटे करून सांगता येईल. आंरी बर्गसाँ यांनी १९०० मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या विनोदविषयक ग्रंथात, जिवंत माणूस यंत्राप्रमाणे वागला म्हणजे तो हास्यास्पद होतो, असे प्रतिपादन केले. आगकाड्यांच्या खेळात यंत्राच्या साहाय्याने वस्तूच माणसासारखी वागते. दोन्ही ठिकाणी विसंगतीचे मूळ एकच, दिशा तेवढी वेगळी.

'प्रोफेसर केळफा' हे नाव या संदर्भात विशेष अर्थपूर्ण आहे. फाळके यांना जादूचे प्रयोग अवगत होते आणि ते या नावाने प्रयोग करीत. फाळके या आडनावातील अक्षरे उलट क्रमाने वाचली की 'केळफा' होते. ही गंमत अक्षराची आहे. देवनागरीत फा, ळ, के ही तीन अक्षरे वेगवेगळी उचलून फिरविता येतात म्हणून ती साधली. चित्रफीत उलट फिरविली की पडलेली वस्तू पुन्हा हातात येते, तसेच हे नाव. तेव्हा फाळके शब्दखेळापासून सर्वस्वी दूर होते असे नव्हे. शब्दाशी खेळण्याची मराठी विनोदकाराची सवय त्यांच्यातही होती; पण तिला त्यांनी यंत्राच्या रीतीने वळण दिले.

त्यांच्या लेखणीचीही दखल येथे घ्यावयास हवी. 'नवयुग' मासिकात १९१७-१८ मध्ये त्यांनी 'भारतीय चित्रपट' ही लेखमाला लिहिली. पुढे चित्रपटव्यवसायातील मतभेदांना कंटाळून ते काशीस गेले असता त्यांनी 'रंगभूमी' हे सात अंकी नाटक लिहिले. तत्कालीन नाट्यव्यवसायावर उपरोधाने लिहिलेले हे नाटक १९२२ मध्ये रंगभूमीवर आले. मुक्या फार्सांचा कर्ता संधी मिळताच एवढे प्रदीर्घ बोलका झाला, ही गोष्ट त्याच्या वाङ्मयीन प्रकृतीवर प्रकाश टाकणारी आहे.

६. फार्स आख्यानात शिरतो

१९१८ मध्ये पाच भागीदारांसह हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी स्थापन झाली आणि पौराणिक चित्रपटांच्या मोठ्या निर्मितीला सुरुवात झाली. चित्रपटांची लांबी वाढू लागली, तशी जोडीच्या लघुपटाची निकड कमी झाली. मग फार्साचे काय झाले? तो आख्यानातच शिरला. १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये याचा पुरावा मिळतो. फाळके यांची कन्या मंदाकिनी हिने त्यात बालकृष्णाची भूमिका केली आहे. प्रारंभी तिचा चेहरा निरनिराळे भाव दाखवितो व नंतर ती कृष्णवेषात दिसते. पूर्वार्धात कालियाचा मागमूस नाही. कृष्ण व सवंगडी यांच्या खोड्याच चालल्या आहेत. एका प्रसंगी कृष्ण रात्री एका धनिकाच्या शयनगृहात शिरतो आणि झोपलेल्या नवऱ्याची दाढी व बायकोचे केस एकमेकांत गुंतवून बांधतो. जाग आल्यावर व्हायचे ते होते.

या प्रसंगात शब्दाची गरज नाही. दाढी व केस यांची गाठ ही पिठाच्या पंजाप्रमाणेच दृश्य वस्तू आहे, आणि नवराबायकोचे घर हे फार्साचेच स्थळ. गाठ बांधणारा मात्र आता देव आहे. भक्ती व हशा यांची अशी सरमिसळ महाराष्ट्राला अपरिचित नव्हती. तमाशात गणानंतर गवळण येते. तीत कृष्ण, पेंद्या, गवळणी व मावशी यांची थट्टामस्करी रंगते. त्यानंतर बतावणी व वग. मावळातील गावजत्रेत तमाशा पाहणाऱ्या प्रेक्षकाला कृष्णाच्या खोडीवर हसणे आणि पुढच्या क्षणी त्याला हात जोडणे यात विसंगती वाटत नव्हती. त्याच प्रेक्षकासमोर तंबूतील सिनेमा आला, तेव्हा हा कृष्ण त्याला आपलाच वाटला असल्यास नवल नाही.

येथे विचारांचे एक वर्तुळ पुरे होते. नाटकात विदूषक आधी आख्यानाच्या आत होता. पुढे फार्स होऊन तो बाहेर आला. चित्रपटात फार्स आधी बाहेर होता. पुढे तो आख्यानाच्या आत गेला. दोन माध्यमांतील हा प्रवास विरुद्ध दिशांचा असला, तरी दोन्हींत पौराणिक व लौकिक, पूज्य व हास्य यांना एका खेळात नांदविण्याची गरज समान आहे.

७. संहितेचा आक्षेप

आता प्रारंभीच्या आक्षेपाकडे वळता येईल. छापील संहिता नसलेल्या कलाकृतीला वाङ्मयाच्या इतिहासात जागा कशी द्यावी? या आक्षेपाला मराठी नाट्येतिहासानेच उत्तर दिलेले आहे. भावे यांच्या नाटकांत पद्ये ठरलेली असत व ती सूत्रधार गात असे. पात्रांची भाषणे मात्र नट प्रसंगानुसार स्वतःच रचून बोलत. आज छापील रूपात आपल्यापुढे आहेत ती प्रामुख्याने ती पद्ये. नाटकाचा मोठा भाग प्रयोगाबरोबरच विरून गेला. तरीही मराठी नाटकाचा इतिहास १८४३ पासूनच सुरू होतो, आणि योग्य तेच होते. संहिता अपुरी असताना जे नाटक इतिहासात आले, त्याच्या वारसाला संहितेच्याच अभावी बाहेर ठेवणे सुसंगत ठरत नाही.

आक्षेपाचा दुसरा भाग अधिक गंभीर आहे, तो म्हणजे प्रत्यक्ष चित्रपटांच्या नाशाचा. भारतात सुमारे तेराशे मूकपट निर्माण झाले; त्यांपैकी आज उरलेले बोटांवर मोजण्याइतके. नायट्रेटची फिल्म ज्वालाग्राही असते व जुनी झाली की आपोआप विरघळू लागते. अनेक प्रती त्यातील चांदीसाठीही नष्ट करण्यात आल्या. १९६४ मध्ये पुण्यात स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने, विशेषतः पी. के. नायर यांच्या परिश्रमाने, 'राजा हरिश्चंद्र'ची काही रिळे व 'कालिया मर्दन' यांसारखा मोलाचा ठेवा वाचविला. २०२२ मध्ये हे संग्रहालय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत नायट्रेट फिल्मचा मोठा साठा जळून गेला, ही घटनाही विसरता येत नाही. लांब चित्रपट वाचविण्यासाठी निदान नाव व कीर्ती तरी असते. पाच-दहा मिनिटांच्या फार्साला ते संरक्षणही नसते, म्हणून अभ्यासकाचे लक्ष हेच त्याचे संरक्षण ठरते.

समारोप

१९३२ मध्ये 'अयोध्येचा राजा'ने मराठी चित्रपट बोलू लागला आणि विनोद पुन्हा शब्दाकडे वळला. १९३८ चा 'ब्रह्मचारी' प्र. के. अत्रे यांच्या लेखणीतून आला. चिं. वि. जोशी यांचे चिमणराव व गुंड्याभाऊ 'लग्न पहावं करून' (१९४०) व 'सरकारी पाहुणे' (१९४२) या चित्रपटांतून दामूअण्णा मालवणकर व विष्णुपंत जोग यांच्या रूपाने पडद्यावर आले. हे विनोदी बोलपट वाङ्मयाच्या अभ्यासात सहज सामावतात, कारण त्यांच्यामागे लेखकाचे नाव व पुस्तक असते. परंतु दामूअण्णांच्या नुसत्या चेहऱ्यावर व चालण्यावर प्रेक्षक हसला, तो हशा पुस्तकातून आलेला नव्हता. त्याचा पूर्वज शोधावयाचा तर पिठाच्या पंजापर्यंत व दाढीच्या गाठीपर्यंत मागे जावे लागते.

मराठी प्रहसनाच्या इतिहासात १८५६ च्या फार्सानंतर कोल्हटकर, देवल, गडकरी व अत्रे अशी शब्दप्रधान परंपरा सामान्यतः दाखविली जाते. तिच्या शेजारी कृतिप्रधान विनोदाची दुसरी शाखा मांडली पाहिजे. विदूषक व गवळणीतील पेंद्या तिच्या आरंभी आहेत, फाळके यांचे लघुमूकपट तिच्या मध्यावर आहेत आणि बोलपटातील नटांचा अंगविक्षेप तिच्या पुढच्या टप्प्यावर आहे. पदव्युत्तर वर्गात प्रहसन हा वाङ्मयप्रकार शिकविताना 'संशयकल्लोळ'मधील संशय आणि 'कालिया मर्दन'मधील शयनगृहाचा प्रसंग शेजारी शेजारी ठेवल्यास, एकच घरगुती गोंधळ शब्दाने कसा उभा राहतो व डोळ्यांनी कसा उभा राहतो, हे विद्यार्थ्यास प्रत्यक्ष दाखविता येईल. त्यासाठी लागणारा चित्रपट पुण्यात जतन केलेला आहे. अभ्यासक्रमात त्याला जागा देण्याचे काम तेवढे शिल्लक आहे.